पेटी वाजविणारा विनोदकार

रंगमंचावर एकच मनुष्य उभा आहे. सोबतीला दुसरे पात्र नाही. तो बोलू लागतो, आणि पाहता पाहता एक संपूर्ण चाळ प्रेक्षकांच्या डोळ्यांपुढे उभी राहते. गच्ची मोकळी व्हावी म्हणून पेटलेली चळवळ, वजन उतरविण्यासाठी उपास आरंभिलेले गृहस्थ, पुण्याच्या सहलीला निघालेले भ्रमणमंडळ, संगीताच्या वेडाने पछाडलेली बिऱ्हाडे, हे सारे त्या एका मनुष्याच्या मुखातून प्रकट होते. म्हातारा बोलतो तेव्हा म्हातारा दिसतो, आणि त्याला उलट उत्तर करणारी बाई बोलते तेव्हा ती बाई दिसते. प्रेक्षागृहात हशामागून हशा उसळत राहतो. १९६१ साली मराठी रंगभूमीवर आलेल्या या खेळाचे नाव ‘बटाट्याची चाळ’, आणि तो सादर करणारे कलावंत म्हणजे पुरुषोत्तम लक्ष्मण देशपांडे. उभा महाराष्ट्र त्यांना ‘पु. ल.’ या दोन अक्षरांनी ओळखतो.

चाळ म्हणजे काय, हे आजच्या मुलांना समजावून सांगावे लागते. ठाण्याच्या वर्तकनगरात गृहनिर्माण मंडळाच्या जुन्या इमारतींच्या जागी उंच मनोरे उभे राहत आहेत, आणि मनोऱ्यांतील घरांची दारे बहुधा बंद असतात. मुंबई, ठाणे, कल्याण येथील जुन्या चाळींची रीत निराळी. एका लांब सज्ज्यावर ओळीने एक-दोन खोल्यांची बिऱ्हाडे. नळ, जिना आणि गच्ची सर्वांची मिळून. दारे दिवसभर उघडी. कोणाच्या घरी काय शिजते हे वासावरून कळे, आणि कोणाचा कोणाशी अबोला आहे हे आवाजावरून. चाळीतील मनुष्याला आपले शेजारी डोळ्यांनी दिसण्यापूर्वीच कानांनी ओळखू येत. खोकला कोणाचा, चपलांचा आवाज कोणाचा, पहाटे भूपाळी म्हणणारे कोण आणि तिच्यामुळे झोपमोड झाली म्हणून पुटपुटणारे कोण, हे सारे भिंतीपलीकडून समजे.

पु. ल. लेखक होते, नट होते, नाटककार होते, संगीतदिग्दर्शक होते आणि काही काळ प्राध्यापकही होते. इतक्या कलांत एकच मनुष्य कसा रमला, आणि त्यांतही विनोदकार म्हणून इतका मोठा कसा झाला, असा प्रश्न साहजिकच पडतो. त्याचे उत्तर शोधावयाचे तर त्यांच्या लहानपणी घरात आलेल्या एका वाद्याकडे वळले पाहिजे. ते वाद्य म्हणजे पेटी, म्हणजेच हार्मोनियम.

पु. लं.चा जन्म ८ नोव्हेंबर १९१९ रोजी मुंबईत झाला. ‘बाळकराम’ या नावाने महाराष्ट्राला हसविणारे राम गणेश गडकरी त्याच वर्षीच्या जानेवारीत निवर्तले होते. ज्यांचे नाव ठाण्याच्या तलावपाळीवरील रंगायतनाला दिले आहे, तेच हे गडकरी. पु. लं.चे बालपण जोगेश्वरी आणि पार्ले या, तेव्हा मुंबईची उपनगरे म्हणून आकार घेत असलेल्या, भागांत गेले. घरात गाणे होते आणि ग्रंथही होते. आईचे वडील वामन मंगेश दुभाषी हे ‘ऋग्वेदी’ या नावाने लिहीत. रवींद्रनाथ ठाकुरांची ‘गीतांजली’ त्यांनी मराठीत आणली होती. नातवाचे कान अशा घरात तयार झाले. भास्कर संगीतालयाचे दत्तोपंत राजोपाध्ये यांच्यापाशी त्याने पेटीचे धडे घेतले. तो काळ बालगंधर्वांच्या नाट्यगीतांचा होता. ती पदे घरोघर गुणगुणली जात, आणि पेटीवर हात बसलेल्या मुलाला ती वाजविण्यावाचून चैन पडत नसे. बालगंधर्वांच्या गाण्यावरील पु. लं.ची भक्ती पुढे जन्मभर टिकली. १९६८ साली पुण्यात उभ्या राहिलेल्या बालगंधर्व रंगमंदिराच्या उभारणीतही त्यांनी मनापासून भाग घेतला.

पेटीची घडण मोठी गमतीची आहे. भाता हलविला की पेटीच्या पोटात हवा कोंडली जाते. बोटाने पट्टी दाबली की तिच्याखालचे छिद्र उघडते. कोंडलेली हवा त्या वाटेने धाव घेताना पितळेच्या एका पातळ जिभेला थरथरविते, आणि त्या थरथरीतून सूर निघतो. जीभ लांब असेल तर सूर खालचा, आखूड असेल तर वरचा. हे वाद्य मूळचे युरोपातले. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास पॅरिसमध्ये ते तयार झाले, आणि भारतीय पद्धतीने जमिनीवर बसून एका हाताने भाता व दुसऱ्या हाताने पट्ट्या चालविता येतील अशी हातपेटी पुढे कलकत्त्यात घडविण्यात आली. महाराष्ट्रात तिला खरा आश्रय दिला तो संगीत नाटकांनी. कोल्हापूरचे गोविंदराव टेंबे हे या वाद्याचे नामवंत वादक. १९११ साली रंगभूमीवर आलेल्या ‘मानापमान’ या नाटकाच्या पदांना चाली त्यांनीच दिल्या, आणि पुढे ते स्वतः चित्रपटांत अभिनयही करीत. पेटी, चाली आणि अभिनय ही तिन्ही अंगे एकाच कलावंतात नांदल्याचे उदाहरण महाराष्ट्रापुढे होते.

तथापि पेटीवर एक मोठा आक्षेप होता, आणि तो निराधार नव्हता. गवय्याचा गळा एका सुरावरून दुसऱ्या सुरावर जाताना मधल्या जागेतून घसरत जातो. त्याला मींड म्हणतात. सारंगीला ते साधते. पेटीला साधत नाही, कारण तिच्या प्रत्येक पट्टीचा सूर कारखान्यातच कायमचा ठरून गेलेला असतो, आणि दोन पट्ट्यांच्या मध्ये काहीच नसते. शिवाय ते सूर आपल्या रागसंगीतातील सूक्ष्म श्रुतींशी तंतोतंत जुळत नाहीत. या कारणांवरून १९४० साली आकाशवाणीने पेटीला आपल्या केंद्रांचे दरवाजे बंद केले. ही बंदी सुमारे तीस वर्षे चालली आणि १९७१ च्या सुमारास सैल झाली. गावोगावच्या भजनांत, कीर्तनांत आणि नाटकांत जे वाद्य रात्रंदिवस वाजत होते, ते रेडिओवर मात्र ऐकू येत नसे. पु. ल. १९५५ साली नोकरीला लागले ते नेमके याच आकाशवाणीत. तेथे त्यांनी श्रुतिका लिहिल्या आणि कार्यक्रम बसविले; त्यांच्या सर्वांत आवडत्या वाद्याला मात्र त्या वास्तूत प्रवेश नव्हता.

मात्र बाहेरच्या मैफलींत त्यांची पेटी वाजतच राहिली. वसंतराव देशपांडे यांच्याशी त्यांचा जिवाभावाचा स्नेह होता, आणि वसंतरावांच्या गाण्याला पु. लं.ची साथ हा रसिकांच्या आनंदाचा विषय होता. साथ करणे म्हणजे गवय्याच्या पाठोपाठ तेच सूर वाजविणे, अशी पुष्कळांची समजूत असते. ती अपुरी आहे. गवई आता कोठे वळणार, कोठे थांबणार, कोठे श्वास घेणार, याचा अंदाज साथीदाराला क्षणभर आधी यावा लागतो. गाणारा थांबला तर ती पोकळी भरावयाची, आणि तो बहरात आला तर आपण मागे राहावयाचे. जो मनुष्य वर्षानुवर्षे असे ऐकत आला, त्याला माणसांच्या बोलण्यातील थांबे आणि वळणे सहज ऐकू येऊ लागली, यात नवल ते काय?

आता विनोद आणि लय यांचा संबंध पाहू. पुढील दोन वाक्ये मोठ्याने वाचा. ‘पाणी गुडघ्याएवढे असेल, तर आमचे मामा उत्तम पोहतात.’ आणि ‘आमचे मामा उत्तम पोहतात, फक्त पाणी गुडघ्याएवढे हवे.’ दोहोंचा अर्थ एकच. पण पहिले वाक्य ऐकून कोणी हसणार नाही, आणि दुसरे ऐकून हसू येईल. पहिल्या वाक्यात मामांची फजिती आरंभीच उघड झाली. दुसऱ्यात मामा आधी मोठे पोहणारे ठरले, मग वाक्य क्षणभर थांबले, आणि शेवटी त्यांचा मोठेपणा गुडघ्याएवढ्या पाण्यात बुडाला. तो क्षणभराचा थांबा फार महत्त्वाचा. तो अगदी तोकडा झाला तर ऐकणाऱ्याला मामांचे चित्र मनात उभे करण्यास अवधी मिळत नाही; फार लांबला तर पुढे काय येणार हे तो ओळखतो. तबलजी आवर्तन पुरे करून नेमका समेवर येतो तेव्हा सारी बैठक एकदम मान डोलाविते. विनोदालाही अशीच सम असते, आणि हशा त्या समेवर पडतो. ती कागदावर मोजून दाखविता येत नाही. कानालाच तिची ओळख पटावी लागते.

लयीची गोष्ट झाली. सुराचीही तशीच आहे. प्रत्येक गवय्याचा षड्ज निराळा असतो, म्हणजे जेथून तो गाण्यास आरंभ करतो तो सूर त्याचा त्याचा असतो. बोलणाऱ्या माणसांचेही तसेच. कोणी वरच्या पट्टीत बोलतो, कोणी खर्जात. कोणी वाक्याच्या शेवटी वर चढतो, कोणी उतरत उतरत विझून जातो. पु. लं.नी १९४४ साली ‘अभिरुची’ मासिकात ‘भय्या नागपूरकर’ हे पहिले व्यक्तिचित्र लिहिले. नाव वाचूनच कळते की हा मनुष्य मुंबईचा नव्हे. पुढे १९६२ साली प्रसिद्ध झालेल्या ‘व्यक्ती आणि वल्ली’ या पुस्तकात रत्नागिरीचा अंतू बर्वा आला, पारशी वळणाचे मराठी बोलणारे पेस्तनकाका आले, लग्नघरी राबणारा नारायण आला, पुस्तकी भाषेत बोलणारा सखाराम गटणे आला. या माणसांची नावे झाकून नुसती वाक्ये वाचली तरी कोण बोलत आहे ते ओळखता येते. अंतू बर्वा बोलतो तो कोकणातील खवचट, तुटक स्वर पेस्तनकाकांच्या तोंडी बसणार नाही, आणि गटण्याचे छापील मराठी नारायणाला दोन वाक्येही पेलणार नाही. या पुस्तकाला १९६५ साली साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला.

येथे एक भेद ध्यानात ठेवण्याजोगा आहे. वर्गात एखाद्याच्या तोतरेपणाची नक्कल करून हशा मिळविणारे विद्यार्थी प्रत्येक शाळेत असतात. त्यांना केवळ आवाज ऐकू येतो. पु. लं.ना आवाजामागचा मनुष्य ऐकू येत असे. अंतू बर्व्याच्या तिरकस बोलण्यावर आपण हसतो, आणि हसता हसता त्याच्या दारिद्र्याची आणि एकटेपणाची चाहूल लागते. ‘बटाट्याची चाळ’ या १९५८ च्या पुस्तकाचे अखेरचे प्रकरण ‘एक चिंतन’ हे आहे. त्यात विनोद मागे सरतो, आणि म्हाताऱ्या, मोडकळीस आलेल्या चाळीकडे लेखक मायेने पाहतो. गवई द्रुत लयीतील चीज संपवून एकदम शांत भैरवीकडे वळतो, तशातलाच हा प्रकार. रंगमंचावर नुकतेच पोट धरून हसणारे प्रेक्षक या ठिकाणी स्तब्ध होत.

ही कला पोटापाण्याचा व्यवसाय होईपर्यंत पु. लं.ना पुष्कळ वळणे घ्यावी लागली. मुंबईच्या इस्माईल युसुफ महाविद्यालयात, नंतर पुण्याच्या फर्ग्युसन आणि सांगलीच्या विलिंग्डन महाविद्यालयात त्यांचे शिक्षण झाले. मधल्या काळात त्यांनी कायद्याचाही अभ्यास केला. १९४६ साली सुनीताबाई ठाकूर यांच्याशी त्यांचा विवाह झाला. दोघांनीही मुंबईच्या ओरिएंट हायस्कूलमध्ये काही काळ शिकविले. पुढे पु. ल. बेळगावच्या राणी पार्वतीदेवी महाविद्यालयात आणि मुंबईच्या कीर्ती महाविद्यालयात प्राध्यापक होते. बेळगावच्या वास्तव्यात कानडी हेल असलेले मराठी त्यांच्या कानांवर पडले, आणि अर्थातच ते तेथेच राहिले नाही. त्यांच्या लेखनात उतरले.

चित्रपटांनी त्यांना आधीच बोलाविले होते. १९४७ च्या ‘कुबेर’ या चित्रपटात त्यांनी भूमिका केली. त्यानंतरच्या पाच-सहा वर्षांत कधी अभिनय, कधी कथा-संवाद, कधी संगीत अशी कामे त्यांनी झपाट्याने केली. १९५३ च्या ‘देवबाप्पा’ या चित्रपटातील मोराला नाचावयास सांगणारे बालगीत आज प्रत्येक मराठी मुलाला येते. शब्द ग. दि. माडगूळकरांचे, आवाज आशा भोसले यांचा, आणि चाल पु. लं.ची. ही चाल इतकी सोपी वाटते की ती कोणी मुद्दाम बसविली असेल असे मनातही येत नाही; परंतु तीन वर्षांच्या मुलाला पेलेल आणि साठ वर्षांच्या मनुष्याला कंटाळा येणार नाही अशी चाल रचणे ही सोपी गोष्ट नव्हे. त्याच वर्षी ‘गुळाचा गणपती’ हा चित्रपट आला. त्यात कथा, पटकथा, संवाद, संगीत आणि दिग्दर्शन पु. लं.चे, आणि भोळ्याभाबड्या नायकाची भूमिकाही त्यांचीच. भीमसेन जोशींनी गायिलेले त्यातील इंद्रायणीकाठचे भक्तिगीत अजूनही ऐकले जाते.

येथवर पोहोचलेला कलावंत आता चित्रपटांतच स्थिरावणार असे कोणासही वाटले असते. पु. लं.नी उलट केले. वयाच्या चौतिसाव्या वर्षी, यशाच्या ऐन भरात, त्यांनी चित्रपटांकडे पाठ फिरविली. त्यानंतर दीर्घकाळाने, १९९२ साली, जब्बार पटेल यांच्या ‘एक होता विदूषक’ या चित्रपटासाठी त्यांनी लेखन केले. तमाशातील एका सोंगाड्याची ती कथा आहे, आणि ती भूमिका लक्ष्मीकांत बेर्डे यांनी केली. लोकांना हसविणारा मनुष्य कीर्ती आणि सत्ता यांच्या नादी लागला म्हणजे त्याच्या विनोदाचे काय होते, हा त्या चित्रपटाचा विषय आहे. पु. लं.नी तो निवडावा यात विशेष अर्थ आहे.

आकाशवाणीत असतानाच त्यांना परदेशी जाऊन दूरचित्रवाणीचे तंत्र शिकण्याची संधी मिळाली. लंडनच्या बी. बी. सी. मध्ये त्यांनी हे शिक्षण घेतले. त्या प्रवासातून १९६० साली ‘अपूर्वाई’ हे प्रवासवर्णन जन्माला आले. १५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीत भारतातील दूरचित्रवाणीचा आरंभ झाला, तेव्हा त्या नव्या माध्यमाच्या पहिल्या कार्यकर्त्यांत पु. ल. होते. पंतप्रधान जवाहरलाल नेहरू यांची दूरचित्रवाणीवरील पहिली मुलाखतही त्यांनीच घेतली. अशी मानाची सरकारी नोकरी सहसा कोणी सोडीत नाही. पु. लं.नी ती सोडली आणि ते एकटे रंगमंचावर उभे राहिले. याच लेखाच्या आरंभी वर्णिलेला प्रयोग तो हा.

एका माणसाने सारा खेळ करावयाचा ही कल्पना पु. लं.च्या प्रेक्षकांना नवी वाटली. तरी महाराष्ट्राला ती अगदीच परकी नव्हती. आपला कीर्तनकार एकटाच उभा राहून रावण होतो, सीता होते आणि हनुमंतही होतो. पेटी आणि तबला त्याच्या मागे असतात. कथा रंगात आली की तो गातो, आणि गाणे जड झाले की विनोद करतो. खेड्यापाड्यांतून फिरणारा बहुरूपीही एकटाच असे. पु. लं.नी ही जुनी वाट शहरातील चाळीपर्यंत आणली. ‘असा मी असामी’ आणि ‘वटवट’ हे प्रयोग त्याच वाटेवरचे. त्यांच्या सर्वच नाटकांना सारखे यश लाभले असे मात्र नव्हे. ‘तुका म्हणे आता’ हे आरंभीचे नाटक आज फारसे कोणाला आठवत नाही. १९५७ चे ‘तुझे आहे तुजपाशी’ मात्र वर्षानुवर्षे रंगभूमीवर येत राहिले. तरीदेखील पु. लं.ची प्रतिभा पूर्ण तेजाने तळपली ती एकट्याच्या प्रयोगांत असे म्हणणे भाग आहे. कारण तेथे लेखक, नट आणि वादक या तिघांमध्ये कोणीही चौथा नव्हता. प्रयोगांची व्यवस्था, वेळापत्रक आणि हिशेब यांचा भार सुनीताबाई वाहत. त्या स्वतः उत्तम अभिनेत्री होत्या आणि वक्तशीरपणाबद्दल त्यांचा मोठा दरारा होता.

जगाच्या इतिहासात डोकावले तर अशा जातीचा आणखी एक थोर विनोदी नट भेटतो. चार्ली चॅप्लिनचे मूकपट पाहून आपण हसतो, परंतु तो व्हायोलिन वाजवीत असे आणि आपल्या चित्रपटांचे संगीत स्वतः रचीत असे, हे पुष्कळांना ठाऊक नसते. १९३१ च्या ‘सिटी लाइट्स’ या चित्रपटात एकही संवाद बोललेला ऐकू येत नाही. त्याचे संगीत मात्र चॅप्लिनचे आहे. त्याचे धडपडणे आणि पुन्हा उठणे नीट पाहिले तर त्यातही ठेका आढळतो. पु. लं.ना चॅप्लिनविषयी अपार प्रेम होते.

प्रयोगांतून आणि पुस्तकांतून पैसा येऊ लागला तेव्हा त्याचे काय करावयाचे हेही या दांपत्याने लवकर ठरविले. १९६५ साली त्यांनी पु. ल. देशपांडे प्रतिष्ठान स्थापन केले, आणि त्यातून शिक्षण, रुग्णसेवा, नाट्य अशा कामी सतत साहाय्य केले. १९८६ साली पुण्यात व्यसनाधीन तरुणांसाठी ‘मुक्तांगण’ हे केंद्र सुरू झाले, त्यालाही त्यांचा आधार होता. पद्मश्री, पद्मभूषण, महाराष्ट्रभूषण असे सन्मान येत गेले. परंतु त्यांच्याहून सांगण्याजोगी गोष्ट वेगळीच आहे. पन्नाशी उलटल्यावर, सारा महाराष्ट्र ज्यांना ऐकण्यासाठी धावत होता असे पु. ल., १९७० साली शांतिनिकेतनात जाऊन विद्यार्थ्यासारखे बंगाली शिकण्यास बसले. रवींद्रनाथांचे काव्य मूळ भाषेत, मूळ नादासह ऐकावे ही त्यांची ओढ होती. आजोबांनी ‘गीतांजली’ मराठीत आणली. नातू तिचा नाद ऐकण्यासाठी बंगालात गेला. त्या मुक्कामातून ‘वंगचित्रे’ हे पुस्तक झाले.

उतारवयात त्यांना कंपवाताने गाठले. पेटीच्या पट्ट्यांवरून लीलया फिरणारी बोटे थरथरू लागली. ज्याने उभे आयुष्य बोटांवर आणि वाणीवर पेलले, त्याच्यावर ही वेळ यावी हे फार क्लेशकारक होते. १२ जून २००० रोजी पुण्यात पु. ल. निवर्तले. चोपन्न वर्षांपूर्वी, याच तारखेला त्यांचा विवाह झाला होता.

त्यांच्या प्रयोगांची ध्वनिमुद्रणे आज उपलब्ध आहेत, आणि ती ऐकण्यास तिकीट काढून प्रेक्षागृहात जावे लागत नाही. ऐकताना पु. लं.च्या शब्दांबरोबरच प्रेक्षकांच्या हशाकडेही लक्ष द्यावे, कारण तोही त्यांत जसाच्या तसा टिपला गेला आहे. हशा उसळतो तेव्हा पु. ल. गप्प असतात. तो चढत जातो, माथ्यावर येतो आणि ओसरू लागतो. अजून शेवटचे कोणी हसतच असते, प्रेक्षागृह पुरते शांत झालेले नसते, आणि नेमक्या त्याच क्षणी पुढचे वाक्य येते.